कोर्टाची पायरी : ‘विनयभंग’ या शब्दाचा इतिहास

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, अशी आपल्याकडे म्हण आहे. बांधावरून भांडणाऱ्या दोन भावांना, किंवा गटाराच्या पाण्यावरून हमरीतुमरीवर आलेल्या शेजाऱ्यांना ही म्हण जरूर ऐकवावी. त्यात त्यांचे हितच आहे. परंतु कुणी अंगाला हात लावला म्हणून रडत घरी आलेल्या मुलीला जेव्हा हीच म्हण ऐकवली जाते, तेव्हा ती शहाणपणाची राहत नाही. तोंड दाबण्याची होते. “झाले गेले विसर, आपलीच अब्रू जाते,” हे वाक्य तिच्या पाठोपाठ येतेच. माझ्या भगिनींनो, हे वाक्य आपणच एकमेकींना सांगत आलो आहोत, आणि बहुतेक वेळा मायेपोटीच सांगत आलो आहोत.

म्हणून यंदाच्या स्मरणिकेत मी जरा अवघड विषय घेतला आहे. विनयभंगाच्या खटल्यांत खालच्या कोर्टाचा निकाल लागल्यावर जी अपिले झाली, त्यांचा हा थोडक्यात इतिहास आहे. मी सातवी शिकलेली बाई. कायद्याची जाडजूड पुस्तके माझ्या आवाक्यातली नव्हेत. परंतु हे खटले नीट समजून घेतले, तर त्यांत न कळण्यासारखे काही नाही. ज्यांच्यावर प्रसंग आला त्या मुलींची नावे मी दिलेली नाहीत. एका भगिनीचे नाव मात्र दिले आहे, कारण त्यांनी स्वतःच ते कधी लपवले नाही.

प्रथम हा शब्द कुठून आला ते पाहू. इंग्रज सरकारने मेकॉलेसाहेबांच्या अध्यक्षतेखाली नेमलेल्या मंडळाने १८३७ साली हिंदुस्थानासाठी दंडसंहितेचा मसुदा तयार केला. तो बरीच वर्षे पडून राहिला. पुढे १८६० साली तो कायदा म्हणून मंजूर झाला आणि १ जानेवारी १८६२ पासून अमलात आला. त्यातील ३५४ व्या कलमात असे म्हटले होते की, स्त्रीचा विनयभंग व्हावा या हेतूने, किंवा तसा तो होण्याचा संभव आहे हे ठाऊक असताना, जो तिच्यावर हल्ला करील किंवा बळजबरी करील, त्याला दोन वर्षांपर्यंत कैद, दंड, किंवा दोन्ही शिक्षा व्हाव्यात. गंमत अशी की विनय म्हणजे काय, हे त्या कायद्यात कुठेच सांगितलेले नव्हते. तो स्त्रीच्या वागणुकीत असतो, की तिच्या मनात, की जन्मतःच तिच्याजवळ असतो? एवढा मोठा प्रश्न कायदा करणाऱ्यांनी मोकळा सोडला आणि तो सोडवण्याचे काम पुढच्या न्यायाधीशांवर आले.

त्या काळी कोर्टात बाईचे स्थान एकच होते, साक्षीदाराच्या पिंजऱ्यात. न्यायाधीश पुरुष, वकील पुरुष, पोलीस पुरुष. स्त्रियांना वकिली करण्याची मोकळीक देणारा कायदा १९२३ साली झाला. म्हणजे हे कलम लागू झाल्यावर एकसष्ट वर्षांनी. मुंबईच्या उच्च न्यायालयात पहिल्या स्त्री न्यायमूर्ती, श्रीमती सुजाता मनोहर, बसल्या त्या १९७८ साली. स्त्रीच्या विनयाचा अर्थ एवढी वर्षे कोण ठरवीत होते, हे यावरून ध्यानात येईल.

आता अपील म्हणजे काय, तेही सांगते. खटला आधी खालच्या कोर्टात चालतो. तिथे साक्षी होतात, उलटतपासणी होते, निकाल लागतो. तो निकाल मान्य नसला की वरच्या कोर्टात दाद मागायची, याला अपील म्हणतात. मॅजिस्ट्रेटच्या निकालावर सत्र न्यायालय, सत्र न्यायालयाच्या निकालावर उच्च न्यायालय आणि सर्वांत वर दिल्लीचे सर्वोच्च न्यायालय, अशा या पायऱ्या आहेत. एक गोष्ट मात्र ध्यानात ठेवण्याजोगी आहे. वरच्या कोर्टात साक्षीदारांना सहसा पुन्हा बोलावीत नाहीत. खाली जे कागदावर उतरले असेल, तेच वर वाचले जाते. पहिली फिर्याद अर्धवट लिहिली गेली, तर तो अर्धवटपणा दिल्लीपर्यंत सोबत जातो.

पहिला खटला पंजाबातला. एके रात्री एक इसम एका घरात शिरला. खोलीत साडेसात महिन्यांची तान्ही मुलगी निजली होती. त्याने दिवा मालवला आणि त्या बाळाशी जे केले, ते इथे लिहिण्यासारखे नाही. मुलीला इजा झाली होती. घडले ते खरे, यात कुणालाच संशय नव्हता. प्रश्न एवढाच होता की याला विनयभंग म्हणावयाचे काय? उच्च न्यायालयात तिघा न्यायमूर्तींपैकी दोघांचे मत पडले की, एवढ्या तान्ह्या बाळाला विनयाची जाणीवच नसते. आणि जे नाही, त्याचा भंग कसा होईल? म्हणून इजा केल्याचा गुन्हा तेवढा धरला गेला, विनयभंगाचा नाही.

तिथेच हे प्रकरण मिटले असते. परंतु पंजाब सरकार अपिलात गेले आणि २८ एप्रिल १९६६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. तिथेही एकमत झाले नाही. मुख्य न्यायमूर्ती सरकार यांचे म्हणणे असे पडले की, कृत्य कितीही दुष्ट असले तरी एवढ्या लहान बालिकेच्या ठायी स्त्रीसुलभ विनय असतो असे कोणी समंजस मनुष्य समजणार नाही, म्हणून हे कलम लागू पडत नाही. उरलेले दोघे न्यायमूर्ती, मुधोळकर आणि बछावत, यांनी मात्र निराळा विचार केला. हे मुधोळकर आपल्या वऱ्हाडातले. १९१२ साली बांकीपूरच्या काँग्रेसचे अध्यक्षपद भूषविलेले अमरावतीचे रघुनाथ नरसिंह मुधोळकर यांचे ते चिरंजीव.

या दोघांनी दंडसंहितेतच पूर्वीपासून असलेल्या एका साध्या ओळीवर बोट ठेवले. ‘स्त्री’ या शब्दाने कोणत्याही वयाची स्त्री समजावी, असे ती ओळ सांगत होती. मग साडेसात महिन्यांची तीही स्त्रीच. स्त्रीच्या मनावर काय परिणाम झाला, ती लाजली का, ओरडली का, यावर गुन्हा ठरवायचा म्हटले, तर झोपलेल्या, बेशुद्ध पडलेल्या, किंवा बुद्धीने अधू असलेल्या बाईला कायद्याचे संरक्षणच उरणार नाही. तेव्हा पाहावयाचे ते पुरुषाचे कृत्य आणि त्याचा हेतू. विनय हा स्त्रीला तिच्या स्त्रीत्वाबरोबर जन्मतःच मिळालेला असतो. ती लहान असो वा थोर, जागी असो वा निद्रिस्त. त्या इसमाला विनयभंगाबद्दल दोन वर्षांची सक्तमजुरी आणि हजार रुपये दंड झाला.

भगिनींनो, या निकालाचे महत्त्व मला फार वाटते. “तिने आरडाओरडा का नाही केला?” हा प्रश्न आपल्या आळीत आजही विचारला जातो. तो प्रश्नच चुकीचा आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६६ सालीच सांगून ठेवले होते.

परंतु सांगून ठेवलेले पाळले जातेच असे नाही. दुसरा खटला आपल्याच महाराष्ट्रातला, आणि तो विनयभंगाहून भयंकर, बलात्काराचा आहे. २६ मार्च १९७२ रोजी रात्री देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात, म्हणजे तेव्हाच्या चंद्रपूर आणि आताच्या गडचिरोली जिल्ह्यात, एका अल्पवयीन आदिवासी मजूर मुलीवर दोन पोलिसांनी अत्याचार केल्याची फिर्याद झाली. जिथे रक्षण मागायला जावयाचे, तिथेच हे घडले. १९७४ साली सत्र न्यायालयाने दोघांना सोडून दिले. १९७६ साली उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने तो निकाल फिरवला आणि दोघांना शिक्षा दिली. पोलिसांच्या ताब्यात, भीतीने गप्प राहणे म्हणजे संमती नव्हे, असा त्या निकालाचा आशय होता. मग आरोपी दिल्लीस गेले, आणि १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांना पुन्हा निर्दोष ठरवले. मुलीच्या अंगावर जखमा नाहीत, तिने ओरडा केला नाही, म्हणजे तिची संमती असावी, असा तो विचार होता.

पायऱ्या संपल्या. आता वर जायला जागा नव्हती. मग काय करावे? १९७९ च्या सप्टेंबरात चार कायद्याचे अध्यापक पुढे आले. उपेंद्र बक्षी, लोतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर ही त्यांची नावे. त्यांनी सरन्यायाधीशांना उघड पत्र लिहिले. नाइलाजाने शरण जाणे आणि संमती देणे यांत महदंतर आहे, हे त्यांनी न्यायालयाला विचारपूर्वक सांगितले. ते पत्र गाजले. ८ मार्च १९८० रोजी, महिला दिनी, निरनिराळ्या शहरांतून स्त्रिया रस्त्यावर उतरल्या. त्यांत शिकलेल्या होत्या तशा कामकरीही होत्या.

त्या मुलीचा निकाल काही बदलला नाही. तिला न्याय मिळाला नाही, हे सांगितल्याशिवाय पुढे जाणे बरे नव्हे. परंतु १९८३ च्या डिसेंबरात संसदेने कायदा बदलला. पोलीस किंवा दुसऱ्या कोणा अधिकाऱ्याच्या ताब्यातील स्त्रीवर अत्याचार झाल्याचा खटला असेल आणि “माझी संमती नव्हती” असे ती कोर्टात सांगत असेल, तर कोर्टाने ते खरे मानून चालावे आणि उलट सिद्ध करण्याचा भार आरोपीवर टाकावा, असे ठरले. असे खटले बंद दाराआड चालवावेत असेही ठरले. पीडित स्त्रीचे नाव छापणे हा गुन्हा ठरला, तोही याच वेळी. आज तुमच्याआमच्या मुलींना जे कायद्याचे छत्र मिळाले आहे, त्याची एक काडी देसाईगंजच्या त्या पोरीने उभी केलेली आहे.

तिसरा खटला मोठ्या घरचा आहे. हे सारे गरीब-अडाणी बायकांच्या वाट्याला येते, असा एक समज असतो. तो या खटल्याने पुसला जावा. श्रीमती रूपन देओल बजाज या पंजाब सरकारात उच्च पदावर असलेल्या आय. ए. एस. अधिकारी. १८ जुलै १९८८ रोजी चंडीगड येथे एका अधिकाऱ्याच्या घरी मेजवानी होती. तिथे पंजाबचे पोलीस प्रमुख के. पी. एस. गिल यांनी त्यांच्याशी असभ्य वर्तन केले आणि चारचौघांच्या देखत त्यांना मागून चापट मारली. गिल यांचा तेव्हा केवढा दबदबा होता! श्रीमती बजाज गप्प बसल्या नाहीत. ११ दिवसांनी, २९ जुलैला, त्यांनी पोलिसांत फिर्याद दिली. पुढे त्यांचे पतीही कोर्टात गेले.

१९८९ च्या मे महिन्यात उच्च न्यायालयाने ती फिर्याद खटला उभा राहण्यापूर्वीच रद्द केली. फिर्यादीला उशीर झाला. शिवाय हे प्रकरण इतके क्षुल्लक आहे की समंजस माणूस त्याची तक्रारच करणार नाही, असे कारण दिले गेले. क्षुल्लक! हा शब्द आपल्या किती ओळखीचा आहे. बसमध्ये धक्का लागला, क्षुल्लक. जत्रेत कुणी चिमटा काढला, क्षुल्लक. दिराचा मित्र जिन्यात आडवा आला, तेही क्षुल्लकच.

श्रीमती बजाज सर्वोच्च न्यायालयात गेल्या. १२ ऑक्टोबर १९९५ रोजी न्यायमूर्ती मुखर्जी व न्यायमूर्ती आनंद यांनी उच्च न्यायालयाचा निकाल रद्द करून खटला चालवण्यास सांगितले. भल्या माणसांच्या मेळाव्यात एका स्त्रीला अशी चापट मारणे ही क्षुल्लक गोष्ट नव्हे. स्त्रीच्या सभ्यतेच्या भावनेला ज्याने धक्का बसेल, ते कृत्य म्हणजे विनयभंग, असे त्यांनी ठरवले. आणि हे ठरवताना त्यांनी आधार कशाचा घेतला? १९६६ च्या त्या तान्ह्या मुलीच्या निकालाचा! साडेसात महिन्यांच्या पोरीसाठी दिलेला निकाल एकोणतीस वर्षांनी एका आय. ए. एस. बाईच्या कामी आला. एकीने चढलेली पायरी दुसरीच्या उपयोगी पडते, ती अशी.

पुढे १९९६ च्या जानेवारीत चंडीगडच्या न्यायालयाने गिल यांना दोषी ठरवून तीन महिन्यांची कैद सांगितली. नंतरच्या अपिलांत दोष कायम राहिला, पण तुरुंगवासाऐवजी चांगल्या वर्तणुकीच्या हमीवर त्यांना मोकळे ठेवण्यात आले आणि दोन लाख रुपये भरपाई ठरली. ती रक्कम श्रीमती बजाज यांनी स्वतःसाठी घेतली नाही. अखेर २००५ साली सर्वोच्च न्यायालयाने दोषसिद्धीवर शिक्कामोर्तब केले. एका चापटीचा न्याय होण्यास सतरा वर्षे लागली. एवढा शिकलेला, पगारदार, पतीचा पाठिंबा असलेला जीव सतरा वर्षे झगडतो, तर मोलकरणीने काय करावे? हा प्रश्न मनात येतोच, आणि त्याचे सोपे उत्तर माझ्याजवळ नाही.

चौथा खटला अगदी अलीकडचा, नागपूरचा. डिसेंबर २०१६ मध्ये एका इसमाने बारा वर्षांच्या मुलीला पेरू देतो असे सांगून घरात नेले आणि तिच्या अंगाशी लगट केली. आई शोधत शोधत तिथवर पोचली. मुलीने तिला सारे सांगितले, आणि ती माउली तशीच पोलिसांत गेली. लहान मुलांच्या संरक्षणासाठी २०१२ साली झालेला ‘पॉक्सो’ नावाचा कायदा आहे. त्याखाली सत्र न्यायालयाने २०२० च्या फेब्रुवारीत त्या इसमास तीन वर्षांची शिक्षा दिली. तो अपिलात गेला. १९ जानेवारी २०२१ रोजी नागपूर खंडपीठाने त्याला पॉक्सोमधून सोडवले. स्पर्श कपड्यावरून झाला होता, कातडीला कातडी लागली नव्हती, म्हणून तो कायदा लागू नाही; जुन्या ३५४ कलमाखाली एक वर्षाची शिक्षा पुरे, असा निकाल झाला.

देशभर खळबळ उडाली. आठ दिवसांतच, २७ जानेवारीला, भारताचे महान्यायवादी के. के. वेणुगोपाल यांनी सर्वोच्च न्यायालयात विषय काढून त्या निकालास स्थगिती मिळवली. पुढे महान्यायवादी, राष्ट्रीय महिला आयोग आणि महाराष्ट्र सरकार या तिघांनीही अपिले केली. हातमोजे घालून कुणी असे कृत्य केले, तर तो सुटणार काय, असा साधा प्रश्न महान्यायवादींनी न्यायालयाला विचारला. १८ नोव्हेंबर २०२१ रोजी न्यायमूर्ती उदय लळित, रवींद्र भट आणि बेला त्रिवेदी यांनी नागपूरचा निकाल रद्द केला. महत्त्व कातडीला नाही, हेतूला आहे, असे त्यांनी सांगितले, आणि तीन वर्षांची सक्तमजुरी पुन्हा लागू झाली. नागपूरचा निकाल देणाऱ्या न्यायमूर्ती स्त्री होत्या, आणि तो फिरवणारे निकालपत्र लिहिणाऱ्या न्यायमूर्ती त्रिवेदी याही स्त्रीच. तेव्हा न्यायासनावर बाई बसली म्हणजे काम झाले, असे समजून आपण निर्धास्त होऊ नये. डोळसपणा हवा, तो बाईत असतो तसा पुरुषातही असू शकतो.

आता या चारही खटल्यांत वर कोण गेले ते पाहा. पंजाबात सरकार गेले. तान्ह्या मुलीचे आईबाप जाऊ शकत नव्हते. देसाईगंजच्या खटल्यात शेवटी आरोपी गेले. श्रीमती बजाज स्वतः गेल्या, कारण त्यांची फिर्यादच रद्द झाली होती. नागपूरच्या खटल्यात सरकारी मंडळी गेली. आरोपी सुटला, तर जिच्यावर प्रसंग आला तिला स्वतःला अपिलाचा हक्क कायद्यात जवळजवळ नव्हताच. ती केवळ साक्षीदार. सरकारने मनावर घेतले तर अपील, नाहीतर कागद बंद. ३१ डिसेंबर २००९ पासून ही स्थिती पालटली. आरोपी निर्दोष सुटला, कमी प्रतीच्या गुन्ह्याखाली दोषी ठरला, किंवा भरपाई अपुरी मिळाली, तर पीडित व्यक्ती स्वतः अपील करू शकते. शिक्षा कमी झाली एवढ्याच कारणावरून मात्र तिला अपील करता येत नाही. निर्दोष सुटकेविरुद्ध अपील करण्यास तिला वेगळी परवानगी मागावी लागत नाही, असे २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. १ जुलै २०२४ पासून नवे कायदे आले, तरी त्यांत हा हक्क कायम आहे.

कलमांचे आकडे मात्र बदलले. ३५४ चे आता भारतीय न्याय संहितेत ७४ झाले. शिक्षाही २०१३ सालीच वाढली होती. पूर्वी जास्तीत जास्त दोन वर्षे होती, आता कमीत कमी एक आणि जास्तीत जास्त पाच वर्षे आहे.

मग आपण काय करावे? मंडळाच्या सभासद भगिनींना माझे तीन गोष्टींचे सांगणे आहे. पहिली गोष्ट, फिर्याद लवकर आणि पुरती लिहवून घ्यावी. अशा गुन्ह्यांत स्त्रीची हकिकत स्त्री अधिकाऱ्याने लिहून घ्यावयाची असते. ती आपल्याला वाचून दाखवली पाहिजे, आणि तिची प्रत फुकट मिळते. लाजेने एखादे वाक्य गाळले, तर ते वर कुणीही भरून काढू शकत नाही. दुसरी गोष्ट, पैसे नाहीत म्हणून थांबू नये. १९८७ च्या कायद्याप्रमाणे स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, सरकारी खर्चाने वकील मिळण्याचा हक्क आहे. त्यासाठी जिल्हा न्यायालयातील विधी सेवा प्राधिकरणाच्या कचेरीत अर्ज करावा लागतो. तिसरी गोष्ट सर्वांत सोपी आणि सर्वांत कठीण आहे. ज्या मुलीवर प्रसंग आला, तिच्याबरोबर तारखेला कुणीतरी जावे. वाण द्यायला आपण दहा घरे फिरतो, हळदीकुंकवाला ऊन-पाऊस पाहत नाही. तर वर्षातून चार वेळा एखादीच्या शेजारी कोर्टाच्या बाकावर बसणे आपल्याला जड जाऊ नये.

आपल्या लेकीबाळींना विनय शिकवणे आपण कधी विसरत नाही. कसे बसावे, कसे हसावे, पदर कसा सावरावा, सारे शिकवतो. पण कायद्याने विचारलेला प्रश्न तिच्या पदराचा नाही, समोरच्याच्या हाताचा आहे, हे मात्र सांगायचे राहून जाते. तेवढे या वर्षी सांगू या. आणि मुलींच्या बरोबर मुलांनाही सांगू या.